मुलाचा पीएस४ घरी पडून आहे, त्यावर सिनेमे-मालिका बघता येतील का?

उंटवाडीकरीण

नमस्कार मंडळी. चिरंजीव नोकरीसाठी हिंजवडीला गेला. जाताना बाइक नेली, लॅपटॉप नेला, पीएस४ (प्लेस्टेशन ४, टीव्हीला जोडायचा गेमचा कन्सोल) मात्र "राहू दे इथेच, दिवाळीत आलो की खेळेन" म्हणून टीव्हीखाली ठेवून गेला. तेव्हापासून मी त्याची फक्त धूळ पुसते.

आमचा टीव्ही ४३ इंची. स्मार्ट आहे म्हणायचं, पण आता गत अशी की ॲप उघडायला लावून मी कणीक मळून घेते. दोन ॲप्सनी तर "या टीव्हीवर आता चालणार नाही" असं सांगून हातच वर केले. घरात मागण्या तीन प्रकारच्या: सासूबाईंना यूट्यूबवरची कीर्तनं, मिस्टरांना क्रिकेट आणि साउथचे डब केलेले सिनेमे, आणि मला रात्री ओटा आवरून झाला की एखादी सिरीज.

तर आहे त्या पीएस४वर हे भागेल, की टीव्हीमागे खोचायची ॲप्सवाली स्टिक घ्यावी? गेमवाले दर महिन्याला काही पैसे भरतात म्हणे, ते आम्हालाही भरावे लागतील का? लाइट बिल किती वाढेल? आणि तो कंट्रोलर सासूबाईंच्या हातात कसा द्यायचा? मिस्टर म्हणतात नवीन टीव्हीच घेऊ. (त्यांना ५५ इंची हवाच आहे, निमित्त शोधतायत.)

सातपूरचा_पक्या

भागेल की ताई, न भागायला काय झालं. कन्सोल नेटला जोडा, मेनूत टीव्ही अँड व्हिडिओ म्हणून भाग आहे, तिथून नेटफ्लिक्स, यूट्यूब, प्राइम उतरवून घ्या. महिन्याचे पैसे म्हणताय ते 'प्लेस्टेशन प्लस' या वर्गणीचे. ते ऑनलाइन गेम खेळायला लागतात, सिनेमे बघायला नाही. फक्त ॲप उतरवायला प्लेस्टेशनचं फुकटचं खातं लागतं. मुलाचं असेलच, नाही तर तुमच्या नावाने नवीन यूजर करा. म्हणजे तुमच्या सिरीज त्याच्या गेममध्ये मिसळायच्या नाहीत.

कॉलेजरोड_कॉर्नर

स्टिक घ्या. मागे खोचा, रिमोट हातात घ्या, विषय संपला. मुंगी मारायला तोफ कशाला?

पक्का_गेमर_४२२

तोफ घरात फुकट पडलीये ना पण. नवीन घ्यायची गोष्ट वेगळी, असलेली वापरायची वेगळी. निव्वळ सिनेमे बघायला कुणी कन्सोल घ्यायला निघालं तर मीच हात धरून थांबवीन. इथे तसं नाही.

ताई, आधी तुमचा पीएस४ कुठला ते बघा. पहिलं मॉडेल तिरकं कापल्यासारखं, अर्धं चकचकीत अर्धं मॅट. स्लिम म्हणजे बारीक, कोपरे गोल. प्रो म्हणजे तीन थरांची चवड दिसते तो. फरक पडतो, कारण पहिल्या मॉडेलला फक्त २.४ गिगाहर्ट्झचं वायफाय पकडता येतं. सोसायटीत वीस राउटर त्याच बँडवर भांडत असतील तर सिनेमा अडकत अडकत चालणार आणि तुम्ही कन्सोलला नावं ठेवणार. राउटर टीव्हीजवळ असेल तर सरळ लॅनची वायर टाका. स्लिम आणि प्रो ५ गिगाहर्ट्झ पकडतात.

नेटचा वेग म्हणाल तर नेटफ्लिक्स स्वतःच फुल एचडीसाठी ५ एमबीपीएस आणि फोरकेसाठी १५ सांगतं. आजकालच्या फायबरला हे काहीच नाही. अडतं ते घरातल्या वायफायवर.

आता कंट्रोलर. सासूबाईंच्या हातात तो द्यायचाच नाही! पीएस४च्या सेटिंग्जमध्ये सिस्टिममध्ये जाऊन 'एचडीएमआय डिव्हाइस लिंक' चालू करा. टीव्हीच्या सेटिंगमध्येही तीच गोष्ट चालू करावी लागते, पण दर कंपनीने तिला वेगळं नाव दिलंय. सॅमसंगला ॲनीनेट प्लस, एलजीला सिमलिंक, सोनीला ब्राव्हिया सिंक. मग टीव्हीच्याच रिमोटवरचे बाण आणि ओके पीएस४वर चालतात.

आणि कीर्तनांसाठी तर रिमोटही नको. फोन त्याच वायफायवर ठेवायचा, यूट्यूबमध्ये कीर्तन शोधायचं आणि वरच्या टीव्हीच्या खुणेवर बोट ठेवून पीएस४ निवडायचा. शोधताना माइक दाबून मराठीत बोललं तरी चालतं. आमची आजी असंच करते. आता ती मला विचारत नाही, मीच तिला विचारतो की टीव्ही कधी मोकळा होणार.

कॉलेजरोड_कॉर्नर

लाइट बिलाचं कुणी बोलत नाहीये.

इंदिरानगर_वॅट्सअप

बोलतो. ऑनलाइन मिळतं ते प्लगमध्ये लावायचं वॅट मीटर माझ्याकडे आहे. घरच्यांनी वेड्यात काढलंय, पण अशा वेळी कामाला येतं.

आमचा पहिल्या मॉडेलचा पीएस४ सिनेमा चालू असताना ८० ते ९० वॅट खातो. मित्राचा स्लिम साधारण त्याच्या निम्म्यावर. स्टिकचा ॲडॉप्टरच ५ व्होल्ट १ ॲम्पियरचा, म्हणजे ठरवलं तरी ती ५ वॅटच्या वर जाणार नाही. रोज चार तास धरले तर जुना पीएस४ महिन्याला ११ युनिटच्या आसपास, स्लिम साडेपाच, स्टिक अर्धा-पाऊण युनिट.

११ युनिट म्हणजे डोंगर नाही. पण महावितरणच्या बिलात १०० युनिटनंतर दर एकदम चढतो. तुम्ही ९५-१०० च्या काठावर असाल तर हेच ११ युनिट महाग पडतात. दोनशेच्या घरात असाल तर फारसं कळणारही नाही.

आणखी एक. बघून झालं की रेस्ट मोडमध्ये झोपवू नका, पूर्ण बंद करा. केशरी दिवा लागला म्हणजे तो जागाच आहे असं समजा.

पंचवटी_काका

छान माहिती. थोडा इतिहास सांगतो, पोरांना वाटतं हे सगळं काल सुरू झालं.

कन्सोलवर सिनेमा बघायची सवय लावली ती पीएस२ने, २००० साली. त्यात डीव्हीडी चालायची, आणि जपानात तेव्हा डीव्हीडी प्लेअर इतके महाग होते की लोक प्लेअर म्हणून पीएस२ घ्यायचे. वर गेम फुकट. मग २००६ला पीएस३ आला, तो ब्लू-रे ही एचडी सिनेमांची डिस्क घेऊन. समोर तोशिबाची एचडी डीव्हीडी होती आणि मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स ३६०ला तिचा ड्राइव्ह वेगळा विकायला काढला होता. फेब्रुवारी २००८मध्ये तोशिबाने माघार घेतली. डिस्कची ती लढाई पीएस३ने घराघरांत शिरून निम्मी जिंकून दिली असं माझं मत आहे.

त्याच २००८मध्ये एक्सबॉक्स ३६०वर नेटफ्लिक्स आलं, तेही अमेरिकेत. गंमत म्हणजे पुढच्या वर्षी पीएस३वर आलं तेव्हा नेटफ्लिक्स बघायलासुद्धा टपालाने आलेली एक डिस्क आत घालावी लागायची! आणि एक्सबॉक्सवर तर २०१४च्या मध्यापर्यंत 'गोल्ड' नावाची एक्सबॉक्सची वर्गणी भरल्याशिवाय नेटफ्लिक्स उघडायचंच नाही. म्हणजे नेटफ्लिक्सचे पैसे वेगळे आणि ते उघडायचे वेगळे. उंटवाडीकरीण ताईंना दर महिन्याच्या पैशांची जी भीती वाटतेय, ती एकेकाळी अगदी खरी होती.

आपल्याकडे नेटफ्लिक्स जानेवारी २०१६ला आलं. तोपर्यंत आमचा पीएस३ भाड्याच्या डिस्कवरच जगला.

सातपूरचा_पक्या

काका, आता फाळक्यांपर्यंत जाऊ नका म्हणजे झालं :)

पंचवटी_काका

जाणारच. त्र्यंबकेश्वरला जन्मलेला माणूस सिनेमा काढतो, नाशकातच कंपनी चालवतो, शेवटचा श्वासही इथेच घेतो, आणि आपण पांडवलेण्याखालचं त्यांचं स्मारक फक्त सहलीच्या डब्यांसाठी ओळखतो. पण असो, विषय वेगळा.

मेरी_कॉलनी

मला पीएस५चं विचारायचंय. जुने मराठी चित्रपट लावले की रंग उडाल्यासारखे, चेहरे पिवळट दिसतात. टीव्ही नवीन आहे. गेम मात्र झकास दिसतात.

पक्का_गेमर_४२२

सेटिंग्जमध्ये स्क्रीन अँड व्हिडिओत जाऊन एचडीआर (उजेड-रंग जास्त खुलवणारी सोय) बघा. 'नेहमी चालू' असेल तर 'सपोर्ट असेल तेव्हाच' करा. नाहीतर साधा सिनेमासुद्धा पीएस५ एचडीआरचं सोंग देऊन पाठवतो.

दुसरं, तुमचा टीव्ही त्या एचडीएमआयवर गेम मोडमध्ये बसलेला असणार. गेमसाठी तो बरोबर, कारण त्यात टीव्ही चित्रावर फार संस्कार करत बसत नाही. पण सिनेमाला सिनेमा मोड किंवा फिल्ममेकर मोड लावा. आणि 'मोशन' नावाचं जे काही असेल ते बंद करा. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमचा असतो. टीव्ही मधल्या फ्रेम आपल्या मनाने भरतो आणि मग पडद्यावरचा राजवाडा मालिकेच्या सेटसारखा दिसायला लागतो.

गंगापूररोड_सिरीजवाला

यात एक्सबॉक्सवाल्यांचं जरा बरं आहे. माझ्याकडे सिरीज एस आहे. व्हिडिओ मोडमध्ये '२४ हर्ट्झला परवानगी द्या' असं टिक करायचं. मग चालणाऱ्या ॲपमध्ये सिनेमा २४लाच जातो आणि कॅमेरा आडवा फिरताना जो बारीक धक्का जाणवतो तो जातो. ज्यांना तो दिसत नाही ते सुखी. एकदा दिसायला लागला की दिसतच राहतो.

शिवाय सिरीज एस आणि एक्स दोन्हींवर डॉल्बी व्हिजन (एचडीआरचाच एक प्रकार) आहे, पीएस५वर नाही. फाइली चालवायला व्हीएलसी आहे, कोडी आहे, एज ब्राउझर आहे. एखाद्या मराठी चॅनेलचं ॲप स्टोअरमध्ये नसेल पण वेबसाइट असेल, तर ब्राउझरमधून बघायचा प्रयत्न तरी करता येतो. पीएस५ला ब्राउझरचं ॲपच दिलेलं नाही. सिरीज एसला डिस्कचा खण मात्र नाही, डीव्हीडीची आशा सोडा.

पक्का_गेमर_४२२

झालं, आला प्रचार.

गंगापूररोड_सिरीजवाला

खरं ते लिहिलं. फोरकेची ब्लू-रे डिस्क डिस्कच्या खणवाल्या पीएस५वर चालते, माझ्यावर कुठलीच चालत नाही, तेही लिहितो. खूश?

नोटप्रेस_मागे

ॲपवरून आठवलं. ताई, मुलाचं पीएसएन (म्हणजे प्लेस्टेशनचं) खातं कुठल्या देशाचं आहे ते बघून घ्या. एके काळी निम्मी पोरं अमेरिकेचं खातं काढायची, आणि खात्याचा देश नंतर बदलता येत नाही. तसं असेल तर स्टोअर अमेरिकेचं दिसेल. हुलू-बिलू दिसेल, जे इथे उपयोगाचं नाही, आणि आपलं हवं ते दिसेलच असं नाही. नवीन खातं भारताचं काढा. परदेशी लेखांतल्या 'कन्सोलवरची बेस्ट ॲप्स' याद्याही तेवढ्याच बिनकामाच्या.

साहेबांचं क्रिकेट ज्या ॲपवर येतं ते आधी स्टोअरमध्ये शोधा आणि मगच सेट टॉप बॉक्सचं काय करायचं ते ठरवा. घाईने केबल बंद केली आणि सामन्याच्या दिवशी ॲपच सापडलं नाही, तर घरात काय होईल ते मी लिहीत नाही.

उंटवाडीकरीण

बाप रे, एवढे प्रतिसाद! सगळ्यांना धन्यवाद. आमचा स्लिम निघाला. नेटफ्लिक्स मुलाचंच आहे, तो पुण्यात तेच बघतो. इथे त्याच्याच पासवर्डने चालेल ना?

इंदिरानगर_वॅट्सअप

इथे मेख आहे. जुलै २०२३पासून नेटफ्लिक्सने भारतात एका खात्याला एकच घर केलंय. घर म्हणजे टीव्ही ज्या नेटवर आहे ते. तुमचा पीएस४ त्याच्या दृष्टीने टीव्हीच. मुलाने पुण्याच्या खोलीतला टीव्ही 'घर' म्हणून ठरवला असेल तर नाशिकच्या पीएस४वर तो हटकणार. मुलगा फोन-लॅपटॉपवरच बघत असेल तर घर नाशिकचं ठेवा, म्हणजे निदान मोठ्या पडद्याची कटकट नाही.

आणि प्लॅन बघा. २०२१च्या डिसेंबरात दर उतरवले तेव्हा १४९चा मोबाइलवाला, १९९चा बेसिक, ४९९चा फुल एचडी आणि ६४९चा फोरके असे चार होते. १४९चा टीव्हीवर किंवा कन्सोलवर चालत नाही. आणि स्लिम फोरके देतच नाही, ते फक्त प्रो देतो. म्हणजे दोनापेक्षा जास्त जण एकदम बघणारे नसतील तर स्लिमवर ६४९ भरणं म्हणजे नुसतं दान.

उंटवाडीकरीण

तो ६४९च भरतोय! आज फोन करते.

देवळाली_कॅम्प

माझा प्रश्न वेगळा आहे. लग्नाची व्हीसीडी आहे, २००३ची. डीव्हीडी प्लेअर भंगारात गेला. पीएस४मध्ये घातली तर डिस्क ओळखतच नाही. बायकोला वाटतंय मी मुद्दाम करतोय.

एमजीरोड_रिपेअर

मुद्दाम नाही, वहिनींना हा प्रतिसाद दाखवा. पीएस४ डीव्हीडी आणि ब्लू-रे वाचतो, सीडी वाचतच नाही. व्हीसीडी म्हणजे सीडीच. पीएस५चंही तेच. जुन्या कॉम्प्युटरच्या ड्राइव्हमध्ये घाला, आत एमपीईजीएव्ही नावाच्या फोल्डरमध्ये .डॅट फाइल सापडेल, ती हँडब्रेक या सॉफ्टवेअरने एमपी४ करून घ्या. पेनड्राइव्ह एक्सफॅटमध्ये फॉरमॅट करा. एनटीएफएस असेल तर पीएस४ त्याला विचारतही नाही. स्टोअरमधून मीडिया प्लेअर घ्या, फुकट आहे. फाइलचा व्हिडिओ प्रकार (कोडेक) एच.२६४ ठेवा, एच.२६५ त्याला झेपत नाही. आणि लवकर करा. वीस वर्षांच्या सीडीचा वरचा थर सुटायला लागलेला मी रोज बघतो.

धाग्यावर आलोच आहे तर माझ्या धंद्याचं दोन शब्द. बंद पडून असलेला कन्सोल पुन्हा रोज चालवणार असाल तर आधी साफ करून घ्या. पंख्याचा आवाज विमानासारखा येत असेल तर आत धूळ आहे, आणि प्रोसेसरवरची थर्मल पेस्ट वाळलीये. सिनेमातल्या कुजबुजीच्या सीनला हा आवाज फार जाणवतो, गेममध्ये कळत नाही.

आणि झुरळं. हसू नका. पीएस४चा पॉवर सप्लाय आतच असतो, तिथे ऊब, बाजूने फटी. झुरळांना यापेक्षा चांगली खोली कुठे मिळणार? परवा एक उघडला तर सप्लायच्या पत्र्याखाली अंड्यांच्या टोप्यांची रांग, पंख्याच्या पात्यांना पाय चिकटलेले, आणि मालक म्हणतो, "काल तर चालू होता." टीव्हीखालच्या बंद कपाटात ठेवू नका, स्वयंपाकघराच्या भिंतीला लागून तर नकोच.

मेरी_कॉलनी

जेवताना वाचलं. धन्यवाद.

नोटप्रेस_मागे

साउंडबारचं कुणी सांगेल का? माझा जुना होम थिएटर आवाजाच्या ऑप्टिकल वायरीवर चालतो.

पक्का_गेमर_४२२

पहिल्या पीएस४ला आणि प्रोला ऑप्टिकल आहे. स्लिममधून काढून टाकलं, पीएस५ला आणि सिरीज एक्स-एसलाही नाही. टीव्हीच्या मागे ऑप्टिकल आउट असेल तर तिथून घ्या. कन्सोल टीव्हीला एचडीएमआयने, होम थिएटर टीव्हीला ऑप्टिकलने. काम तेच होतं.

उंटवाडीकरीण

झालं बरं का सगळं. एमजी रोडवर साफ करून आणला (झुरळं नव्हती, देवाची कृपा), मुलाने पुण्याहून व्हिडिओ कॉलवर नवीन यूजर काढून दिला. नेटफ्लिक्सचं घर नाशिक, प्लॅन ४९९वर. सासूबाई फोनवरून कीर्तन लावायला शिकल्या, आता काल रात्री माझ्या सिरीजच्या मध्येच त्यांनी त्यांच्या खोलीतून कीर्तन पाठवलं. ते कसं थांबवायचं तेही सांगा. टीव्हीच्या रिमोटवर बाण चालतात, पण मागे-पुढे पळवायचं बटण चालत नाही.

मिस्टरांचं क्रिकेट सेट टॉप बॉक्सवरच ठेवलंय. ५५ इंचीचा विषय तूर्त थंड.

पक्का_गेमर_४२२

पळवण्याचं टीव्हीवर अवलंबून असतं, काही रिमोट तेवढी बटणं पुढे पाठवत नाहीत. ओके दाबा, खाली पट्टी येईल, तिच्यावर डावी-उजवी करा. कंट्रोलर हातात असेल तर एल२ आणि आर२. कंट्रोलर सोफ्यात विसरत असाल तर पॉवर सेव्हमध्ये तो १० मिनिटांनी आपोआप बंद होईल असं करून ठेवा, नाहीतर ऐन वेळी बॅटरी मेलेली असते.

सासूबाईंवर उपाय नाही. त्या जिंकल्या.

सातपूरचा_पक्या

आमच्याकडे लाइट जाते हो मधेच. कन्सोलला काही होतं का?

एमजीरोड_रिपेअर

होतं कधी कधी. पीएस४मध्ये फिरणारी हार्ड डिस्क आहे. ती लिहीत असताना लाइट गेली की पुढच्या वेळी चालू करताना तपासणी करत बसतो. तेवढ्यावर निभावलं तर ठीक. मंद झाला किंवा ॲप्स दिसेनाशी झाली तर सेफ मोडमध्ये जाऊन डेटाबेस रीबिल्ड करा. कन्सोल पूर्ण बंद असताना पॉवरचं बटण दाबून धरायचं, दुसरी बीप आली की सोडायचं. सिनेमे, गेम काही जात नाही. रेस्ट मोडमध्ये असताना लाइट गेली तरी हीच भानगड, म्हणून वर सांगितलंय तसं पूर्ण बंद करा.

इन्व्हर्टरवर चालवणार असाल तर तो साइन वेव्हचा हवा. राउटरला छोटा डीसी यूपीएस मिळतो तो लावा.

सातपूरचा_पक्या

इन्व्हर्टर आहे, राउटरलाही यूपीएस आहे. पण सिंहस्थाच्या कामांसाठी आमच्या गल्लीत खोदकाम चालू आहे, आठवड्यातून एकदा जेसीबी फायबरच तोडतो. मग काय?

एमजीरोड_रिपेअर

मग पेनड्राइव्ह. एक्सफॅटमधला.